मदत हवी आहे: पालकसभेत 'घरी लक्ष द्या' सांगतात, शिफ्टवाल्या पालकाने नक्की काय करायचं?

सातपूरवाला_टर्नर:

नमस्कार मंडळी, धागा पहिल्यांदाच काढतोय, लांबला तर समजून घ्या.

आम्ही नाशिकला सातपूरमध्ये राहतो. मी अंबडला एका कंपनीत टर्नर आहे, दहावीनंतर आयटीआय केलंय. मिसेस नववीपर्यंत शिकलेली, घरून जेवणाचे डबे देते. मुलगी सहावीला, सेमी इंग्रजीला. चौथीपर्यंत सगळं मराठीत होतं तेव्हा आम्हाला बघावंच लागायचं नाही, आपलं आपण करायची. पाचवीपासून गणित आणि विज्ञान इंग्रजीतून सुरू झालं आणि तिथून गणिताचे मार्क उतरत चाललेत. मराठी, इतिहास, भूगोल एकदम छान, वाचनाचं तर वेड आहे, वाण्याच्या पुडीचा कागदसुद्धा वाचून मग टाकते.

चाचणीचे पेपर दाखवायला पालकसभा होती, मिसेस गेली होती. मॅडम म्हणाल्या मुलगी हुशार आहे पण घरी लक्ष द्या. मागच्या वर्षीच्या मॅडमही हेच म्हणाल्या होत्या. आता लक्ष द्यायचं म्हणजे काय करायचं ते कोणी सांगत नाही. फर्स्ट शिफ्ट असली की मी संध्याकाळी तिच्याजवळ बसतो, पण मला मसावि लसावि माहिती आणि तिच्या पुस्तकात एचसीएफ एलसीएम, मी आमच्या पद्धतीने करून दाखवलं की ती म्हणते पप्पा आमच्यात असं नाही शिकवलं, मग माझा आवाज चढतो, तिचा चढतो आणि ती वही मिटून बसते. सेकंड शिफ्टला तर मी येतो तेव्हा ती झोपलेली असते, सकाळी मी उठायच्या आत शाळेत गेलेली.

म्हणून विचारतोय, रोज जवळ बसून अभ्यास घेतलाच पाहिजे का? शाळेच्या सभा वर्किंग डेला सकाळी असतात, तिथे बापाने जाणं किती गरजेचं आहे? आणि खरं टेन्शन हे की आम्ही दोघं कमी शिकलेलो, त्यामुळे पोरगी मागे राहील का? ज्यांच्या घरात असं होतं आणि मुलं शिकली त्यांनी प्लीज लिहा.

वर्षा_इंदिरानगर:

दादा, स्पष्ट सांगते, बसायलाच हवं. माझा मुलगा आठवीत आहे, मी रोज दीड-दोन तास बसते म्हणून तो टिकलाय. नाही बसलं की मोबाईल नाहीतर टीव्ही. तुम्हाला जमत नसेल तर चांगला क्लास लावा, गणिताला आत्ताच लावा, आठवीत गेल्यावर पाया कच्चा राहिला की खूप जड जातं.

वाचक_कॉलेजरोड:

वर्षाताई, तुमच्या घरी चाललंय तर उत्तमच, पण सगळ्यांना हेच सांगू नये असं मला मनापासून वाटतं, कारण याच्यावर बराच अभ्यास झालेला आहे. फॅन आणि चेन या संशोधकांनी 2001 मध्ये आधी झालेले बरेच अभ्यास एकत्र करून पाहिलं, तर मुलांच्या यशाशी सगळ्यात घट्ट संबंध निघाला तो आईवडिलांच्या अपेक्षेचा, म्हणजे आमचं मूल शिकेल, पुढे जाईल हे घरात मनापासून धरलेलं असणं. आणि सगळ्यात कमी संबंध निघाला घरातल्या देखरेखीचा. मग 2009 मध्ये हिल आणि टायसन यांनी साधारण सहावी ते आठवीच्या वयाच्या मुलांवरचे 50 अभ्यास तपासले. त्यात गृहपाठात मदत करण्याचा फायदा दिसलाच नाही, उलट संबंध थोडा उलटाच निघाला, म्हणजे मदत जास्त तिथे यश थोडं कमी. फायदा दिसला तो शिकणं कशाला हवं, पुढे काय करायचंय, आज शिकलेलं कुठे लागतं याबद्दल मुलांशी बोलण्याचा. आता हे अभ्यास बहुतेक अमेरिकेतले आहेत, आणि मूल मागे पडलं की आईबाप जास्त बसतात म्हणूनही उलटा संबंध दिसू शकतो, हे धरून वाचा.

दादा, तुमच्याकडे आवाज चढतो म्हणालात त्यावरून अजून एक. 2015 मध्ये मॅलोनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांचा अभ्यास आला, पहिली-दुसरीच्या मुलांचा. ज्या पालकांना स्वतःला गणिताचं टेन्शन येतं ते गृहपाठात वारंवार मदत करत असतील तर त्यांची मुलं वर्षभरात गणित कमी शिकली आणि वर मुलांनाही गणिताची धास्ती बसली. असे टेन्शनवाले पालक जिथे फारशी मदत करत नव्हते तिथे हा परिणाम दिसला नाही.

आणि कमी शिकलेल्या आईवडिलांचं म्हणाल तर हा आपल्या देशातला अभ्यास आहे, बिहार आणि राजस्थानच्या खेड्यांमधला, 2017 ला छापून आला. काही गावांत आयांना साक्षरतेचे वर्ग दिले, काही ठिकाणी मुलांबरोबर घरी करायच्या छोट्या ॲक्टिव्हिटी शिकवल्या, काही ठिकाणी दोन्ही. या आयांचं शिक्षण तुमच्या मिसेसपेक्षा कितीतरी कमी, तरी मुलांचं गणित सुधारलं. फार नाही, थोडंच, पण सुधारलं.

पंचवटीच्या_बाई:

मी पाचवी ते सातवीला गणित शिकवते, बरीच वर्षं झाली. दादा, सगळ्यात आधी तुमच्या मुलीचं नक्की काय अडतंय ते शोधा, गणित की इंग्रजी. सोपी पद्धत आहे. पुस्तकातलं एक शाब्दिक उदाहरण तुम्ही मराठीत तोंडी सांगा आणि ती काय करते ते बघा. ज्या मुली मराठी वाचनात इतक्या पुढे असतात त्यांचं बरेचदा गणित बरं असतं, वाक्य कळत नसतं. रिमेनिंग, ईच, ॲल्टुगेदर, हाऊ मेनी मोअर, असल्या शब्दांत गाडी अडते, आणि आपण घरी बसून भागाकार घोटून घेतो.

दुसरं, बालभारतीचं सहावीचं मराठी माध्यमाचं गणिताचं पुस्तक आणा. धडे तेच, सरावसंच तेच, उदाहरणंही तीच, फक्त भाषा वेगळी. दोन्ही पुस्तकं शेजारी उघडी ठेवायची. मसावि आणि एचसीएफचं भांडण पहिल्याच दिवशी मिटेल.

तिसरं तुमच्यासाठी. शिकवू नका, तिला शिकवायला सांगा. आज वर्गात काय घेतलं ते मला समजावून सांग, तुमच्या मॅडमची पद्धत मला येत नाही, असं खरंखुरं म्हणा. ती सांगताना जिथे अडखळेल तिथे तिला स्वतःलाच कळतं. यासाठी दोन तास लागत नाहीत.

शाळेचं म्हणाल तर फक्त लक्ष द्या एवढ्यावर सोडू नका. शिक्षण हक्क कायदा 2009, कलम 24, त्यात शिक्षकांचं कर्तव्य म्हणून लिहिलंय की पालकांशी नियमित बैठका घ्यायच्या आणि मुलाची हजेरी, शिकण्याची क्षमता, प्रगती याची माहिती द्यायची. तेव्हा सरळ विचारा, कोणत्या धड्यात मागे आहे, कोणत्या प्रकारच्या गणितात. चांगल्या शिक्षिकेला असा प्रश्न आवडतो हो, आम्ही साठ पालकांना घाईत भेटतो म्हणून तेच तेच वाक्य तोंडात येतं. सकाळी जमत नसेल तर डायरीत लिहून वेगळी वेळ मागा, सेकंड शिफ्टच्या आठवड्यात शाळा भरताना दहा मिनिटं भेटता येईल. आणि शाळा सरकारी किंवा अनुदानित असेल तर शाळा व्यवस्थापन समिती असते, तिच्यात तीन चतुर्थांश सदस्य पालक असावे लागतात आणि एकूण सदस्यांत निम्म्या बायका. सभेची वेळ बदला हा विषय तिथे मांडता येतो, अंबड-सातपूरचे अर्धे पालक शिफ्टवाले आहेत, तुम्ही एकटे नाही.

सिडकोतली_आई:

भाऊ, डबे म्हटल्यावर मला राहवलं नाही. माझीपण मेस आहे. पोरीला हिशोबाला बसवा, खरा हिशोब. इतके डबे, एकाला इतके पैसे, गॅस-भाजी-किराणा वजा, शेकडा किती सुटले. सहावीला नफा-तोटा आणि शेकडेवारी दोन्ही आहेत. माझी मोठी यातच तयार झाली, आता बीकॉमला आहे. आणि मिसेसला सांगा तू नववी शिकलेली वगैरे डोक्यात आणू नको, सभेला गेली ना, जातच राहा.

वर्षा_इंदिरानगर:

बाईंचं मराठी पुस्तकाचं पटलं. पण मोबाईलचं माझं म्हणणं कायम आहे, अभ्यासाची वेळ तरी ठरलेली हवी, शेजारी कोणी बसो न बसो.

पंचवटीच्या_बाई:

त्याबद्दल वादच नाही ताई. ठरलेली वेळ, टीव्ही बंद, पुरेशी झोप, हे आईवडिलांचंच काम, आणि त्याला इंग्रजी यावं लागत नाही.

सातपूरवाला_टर्नर:

सगळ्यांचे खूप आभार, इतकं कोणी लिहील वाटलं नव्हतं. बाईंनी सांगितलं तसं करून बघितलं. अपूर्णांकाचं एक उदाहरण, चाचणीत चुकलेलं, ते मराठीत सांगितलं, ताईने म्हटलं तसं डब्याच्या भाजीवर घालून. तिने कागद न घेता उत्तर दिलं! मग तेच इंग्रजीतून वाचायला दिलं तर रिमेनिंगला अडली, तिला वाटत होतं रिमेनिंग म्हणजे एकूण. आता म्हणते आपण अशा शब्दांची यादी करू, भिंतीवर लावू.

दशांशाचं पण झालं. कंपनीतल्या व्हर्नियरवर 0.02 मिलिमीटरपर्यंत माप कसं घेतात ते तिला चित्र काढून सांगितलं, बराच वेळ प्रश्न विचारत होती. वाचक सरांनी लिहिलेलं शिकलेलं कुठे लागतं ते बोला, ते हेच असावं असं धरतो. मॅडमना डायरीत लिहून पाठवलंय, भेटायची वेळ दिलीये त्यांनी. क्लासचं सध्या थांबवतो, सहामाहीचा पेपर बघून ठरवू.

एकच राहिलं. मराठीचं गणिताचं पुस्तक इथे जवळच्या दुकानात नाही म्हणाले, सेमीचंच ठेवतात. कुठे मिळेल?

वाचक_कॉलेजरोड:

बालभारतीच्या वेबसाईटवर पीडीएफ फुकट आहे, माध्यम आणि इयत्ता निवडून डाउनलोड होतं. छापील हवं असेल तर सिडकोत लेखानगरला बालभारतीचं भांडार आहे, तुमच्या अंबडच्या रस्त्यापासून फार लांब नाही. फर्स्ट शिफ्टच्या आठवड्यात जायच्या आधी एकदा फोन करून वेळ विचारून घ्या.