मदत हवी आहे: जन्मठेपेविरुद्ध सुप्रीम कोर्टात जाण्यासाठी

नमस्कार मंडळी, माझ्या मामेभावाची खुनाच्या केसमधली जन्मठेप हायकोर्टाने कायम केली आहे. तो निर्दोष आहे याबद्दल आम्हा घरच्यांना शंका नाही, पण शिक्षा भावनेवर रद्द होत नाही, म्हणून कागदांचं सांगते.

विळा जप्त केल्याच्या पंचनाम्यावर पंचाची सही आहे. उलटतपासणीत तोच पंच म्हणाला, "सही पोलीस ठाण्यात केली, जागेवर गेलो नव्हतो." ओळख परेड झाली, पण त्याआधीच भावाचा फोटो पेपरात छापून आला होता. निकालात या दोन्ही गोष्टी एका ओळीत उडवून लावल्यात.

२००३ च्या नाशिकजवळच्या हत्याकांडात सहा जणांना फाशी सुनावली होती, २०१९ मध्ये सुप्रीम कोर्टाने सगळ्यांना निर्दोष सोडलं. प्रत्यक्षदर्शी महिलेने पोलिसांच्या अल्बममधून भलत्याच चौघांना ओळखलं होतं आणि त्यांचा तपासच झाला नव्हता! तोवर त्या सहा जणांची सोळा वर्षं तुरुंगात गेली होती. आमच्याकडे तेवढा वेळ नाही, मामी सत्तरीची आहे.

तुरुंगातल्या माणसाला मोफत वकील मिळतो हे माहीत आहे. पण सुप्रीम कोर्टाच्या विधी सेवा समितीकडे अर्ज तुरुंग अधीक्षकांमार्फतच करायचा की घरचे थेट करू शकतात? ९० दिवसांची मुदत उलटली आहे, विलंबमाफीसाठी काय जोडावं? साक्षींच्या प्रमाणित नकला लवकर कशा मिळतील? कोणी यातून गेलं असेल तर कृपया सांगा.