‘तन्य’ सळई म्हणजे नेमकी कुठली?

ओळंबा

गेल्या आठवड्यात एका शब्दापायी साइटवर अर्धा दिवस काम बंद पडलं. शब्द आहे ‘तन्य’.

पुण्यात आमच्या सोसायटीचा पुनर्विकास चाललाय. करारनामा मराठीतच हवा असा ज्येष्ठ सभासदांचा हट्ट होता, मलाही तो मनापासून पटला होता. त्यात एक ओळ आहे: ‘आरसीसी कामास उच्च तन्य सळई वापरावी.’ मंगळवारी ट्रक आला. बंडलांना लटकवलेल्या बिल्ल्यांवर एफई ५५०; हा आकडा सळईच्या ताकदीचा. मी म्हटलं, हा माल चालणार नाही, आम्हाला ५००डी हवंय. कॉन्ट्रॅक्टर शांतपणे म्हणाला, “साहेब, उच्च तन्य म्हणजे हाय टेन्साइल. पन्नास जास्तीच दिलेत की. तक्रार कसली करताय?”

माझं म्हणणं असं की तन्य म्हणजे डक्टाइल, टेन्साइल नव्हे. ओढलं की जे लांबत जातं आणि चटकन तुटत नाही ते तन्य. शाळेच्या पुस्तकात तन्यता आणि वर्धनीयता शेजारी शेजारी असतात. तार काढता येते ती तन्यता, ठोकून पत्रा होतो ती वर्धनीयता. एखादी वस्तू किती ओढ सोसते हा निराळा प्रश्न झाला, त्याला ताणसामर्थ्य म्हणा.

आणि हा नुसता शब्दांचा खेळ नाही. आयएस १७८६ या सळईच्या भारतीय मानकाप्रमाणे एफई ५०० ची सळई तुटेपर्यंत किमान १२ टक्के लांबली पाहिजे, ५००डी ची १६ टक्के, आणि ५५० ची फक्त १० टक्के. तो ‘डी’ डक्टिलिटीचाच. १६ मिलिमीटरची सळई घ्या, तिच्यावर ८० मिलिमीटर अंतराने दोन खुणा ठोका, यंत्रात ओढून तोडा, मग दोन्ही तुकडे जुळवून खुणांमधलं अंतर पुन्हा मोजा. ५००डी म्हणून विकलेली सळई ९२.८ च्या खाली भरली तर नापास. ५५० ला ८८ पुरतात. भूकंपात इमारतीने वाकावं, तडकावं, पण कोसळू नये, हा सगळा हिशोब त्या वरच्या पाच-एक मिलिमीटरवर चालतो.

तेव्हा तन्य हा शब्द डक्टाइलसाठीच राखावा आणि टेन्साइलसाठी वापरणाऱ्याला टोकावं, असं माझं मत. पटतंय का?

कोपरखळी

वन्य, धन्य, तन्य. ट्रक परत पाठवलात की नाही ते सांगा आधी.

टेंडरबाबू

नाही पटत.

पंचवीस वर्षं निविदा वाचतोय. हिंदीतून आलेल्या कागदांत ‘तन्य शक्ती’ म्हणजे टेन्साइल स्ट्रेंग्थ, हे सर्रास दिसतं. त्यावरून बेतलेल्या मराठी पत्रकांतही तेच उतरलंय. बाजारात एखादा शब्द दोन अर्थांनी फिरत असेल, तर तुमच्या मनातला अर्थच समोरच्याने धरावा हा आग्रह कशाच्या जोरावर? ‘उच्च’ लावल्यावर तर ‘हाय टेन्साइल’च आठवणार. उच्च डक्टाइल सळई असं साइटवर कुणी म्हणतं का?

शिवाय करारातल्या शब्दाचे दोन अर्थ निघत असतील, तर मसुदा लिहिणाऱ्याच्या विरुद्ध जाणारा अर्थ धरायचा, हा कायद्यातला जुना नियम आहे. तुमचा मसुदा कुणी लिहिला होता?

ओळंबा

मीच. पुढे बोला.

टेंडरबाबू

बोलायचं काय राहिलं मग? 😀

बरं, एक गंभीरपणे. आयएस १३९२० या भूकंपरोधक आरसीसी कामाच्या मानकात ५५० वर सरसकट बंदी नाही. लांबणं १४.५ टक्क्यांच्या वर भरत असेल तर ती सळई चालते. १० हा किमान आकडा आहे, चांगल्या गिरणीचा माल त्याच्या पुष्कळ वर जाऊ शकतो. बिल्ला बघून भांडलात, टेस्ट रिपोर्ट बघितलात का?

ओळंबा

मान्य. रिपोर्ट मागवलाय आणि तीन तुकडे कापून आपल्या खर्चाने लॅबला दिलेत. पण म्हणून शब्दाचा मुद्दा मिटत नाही.

शुद्धमती

मूळ धातू तन्, म्हणजे पसरणे, ताणणे. तंतू, वितान, संतान ही त्याचीच पिलावळ. त्याला ‘य’ लागला की ‘तसं करण्याजोगं’ असा अर्थ येतो: पेय म्हणजे पिण्याजोगं, गेय म्हणजे गाण्याजोगं. तन्य म्हणजे ताणण्याजोगं. म्हणजे हा गुण लांबण्याचा झाला, ओझं पेलण्याचा नाही. अर्थाच्या बाजूने ओळंबा यांचं बरोबर.

रूपाच्या बाजूने मात्र दोन्ही पक्ष चूक! पठ्-पाठ्य, वच्-वाच्य, मन्-मान्य, तसं तन्-तान्य व्हायला हवं. जन्य हा अपवाद व्याकरणाने मुद्दाम नोंदवलाय, तन्यला ती सवलत मिळालेली नाही.

कोपरखळी

उच्च तान्य सळई. भीमसेनजींना बोलवा, आलाप घेतील.

टेंडरबाबू

शुद्धमतीताई, व्युत्पत्तीवर फार विसंबू नका. इंग्रजीत सतराव्या शतकात खुद्द ‘टेन्साइल’चा अर्थही ‘ताणून लांबवता येण्याजोगं’ असाच होता, फ्रान्सिस बेकनने तो तसा वापरलाय. आज त्या अर्थाने कुणी वापरतं का? शब्द जिथे राहतो तिथला होतो, माहेरचं नाव घेऊन बसत नाही.

ओळंबा

छान उदाहरण दिलंत, पण ते माझ्या बाजूचं आहे. इंग्रजांकडेही गोंधळ होता. पुढे त्यांनी दोन शब्दांत कामं वाटून घेतली, डक्टाइलकडे लांबणं आणि टेन्साइलकडे ओढ. आपण का वाटून घेऊ नयेत?

गोकुळ_शिरगाव

आमच्या कोल्हापूरच्या फौंड्रीत तन्य-बिन्य कुणी म्हणत नाही राव. आमच्याकडं दोनच जाती, ग्रे आणि एसजी. ग्रे म्हणजे साधं बीड. घरातला बिडाचा तवा हातातनं फरशीवर पडला की दोन तुकडे, वाकणं-बिकणं भानगडच नाही. एसजी म्हणजे तुम्ही ज्याला डक्टाइल आयर्न म्हणता ते. पाण्याच्या योजनेचे डीआय पाइप त्याचेच. ओतताना रसात मॅग्नेशियम पडतं आणि आतलं ग्राफाइट पापुद्र्यासारखं न राहता गोळ्या-गोळ्यांचं होतं. पापुद्र्याच्या टोकापासनं चीर पळते, गोळीपाशी ती अडते. एवढाच सगळा चमत्कार.

पण भांडण मिटवायचंच असलं तर आमच्या ग्रेडचं नाव वाचा. ५००/७. पयला आकडा ताण किती सोसणार, ५०० मेगापास्कल. दुसरा तुटस्तोवर किती टक्के लांबणार, ७. त्याच घराण्यात ४००/१५ हाय, ६००/३ हाय, ७००/२ हाय. एक वर चढला की दुसरा खाली उतरतो. आता ह्यातला ‘उच्च तन्य’ कुठला सांगा, ७००/२ का ४००/१५? टेंडरबाबूंच्या हिशोबानं ७००. ओळंबा साहेबांच्या हिशोबानं ४००. गिऱ्हाईकानं नुसतं ‘उच्च तन्य’ लिहून ऑर्डर पाठवली तर मी फोन करीन, ओतणार नाही.

आणि साधं बीड कमी ताकदीचं असतं असंही समजू नका. एफजी २६० घ्या, २६० मेगापास्कलला तुटतं. तुमचं मऊ पोलाद २५० ला मान टाकतं. पण मान टाकून ते पुढं लांबत राहतं, बीड एकदम मोडतं. फरक तिथं हाय.

ओळंबा

गोकुळराव, हे मलाच सुचायला हवं होतं. कॉन्ट्रॅक्टरला पाठवतो.

खडीवाला

साइटवर मराठी बोलतं कोण हो? बार बांधणारी पोरं बंगाल-ओडिशाची, सुपरवायझर हिंदीत ओरडतो, ड्रॉइंग इंग्रजीत. ‘तन्य’ त्यातल्या कुणासाठी? ‘डक्टाइल’ लिहा, सुटा. मराठीचं कुंकू लावायचंच असेल तर ‘चिवट’ म्हणा, निदान आजीला तरी कळेल.

मास्तरीणबाई

खडीवाले, चिवट म्हणजे वेगळं. चिवट म्हटलं की ताकद आणि लांबणं दोन्ही आलं, इंग्रजीत ज्याला टफ म्हणतात ते. ओली कणीक हवी तेवढी लांबते, तिला चिवट म्हणाल का?

मी नववीला विज्ञान शिकवते. ‘तन्यता म्हणजे काय’ विचारलं की पोरं ‘तार काढता येणे, उदा. सोने’ लिहितात आणि मार्क घेतात. एक ग्रॅम सोन्याची सुमारे २ किलोमीटर तार निघते हेही पाठ असतं. पण हातात काही दिलं की गडबड. दरवर्षी मी दोन वस्तू नेते, हॅक्सॉचं पातं आणि सळई बांधायची काळी तार. विचारते, यातलं तन्य कोणतं? निम्मा वर्ग पातं दाखवतो, कारण ते धनुष्यासारखं वाकतं आणि सोडलं की ताठ होतं. मग जुनं, पूर्ण कडक केलेलं पातं फडक्यात गुंडाळून जास्त वाकवते. टक्! (डोळे सांभाळा, तुकडा उडतो.) आणि तार? ती बोटाला गुंडाळा, मुरगळा, गाठ मारा, सोडल्यावर आहे तशी राहते. पातं लवचिक आहे, पण तन्य नाही. तार तन्य आहे, लवचिक जवळपास नाहीच. हे एकदा डोळ्यांनी पाहिलं की पुन्हा चुकत नाहीत.

भूकंपाच्या बातम्यांत ‘लवचिक इमारती’ वाचलं की मला ते पातं आठवतं.

पण ओळंबा सर, तुमच्यासाठीही एक खोच आहे. शिसं. ठोकून छान पत्रा होतो, तार मात्र काढू गेलं तर तुटते. शिसं इतकं मऊ असून तार का निघत नाही?

टेंडरबाबू

कारण तार ओढायला ताण सोसावा लागतो! बाई, तुमच्या तोंडात साखर. म्हणजे तन्यतेच्या पोटात ताणसामर्थ्य आलंच की. मग मी कुठे चुकलो?

ओळंबा

अडचणीत आणलंत खरं. तार काढताना भोकातून बाहेर आलेला बारीक भाग मागच्या जाड भागाला खेचत असतो, त्यामुळे त्याच्यात तेवढी ताकद हवीच. पुस्तकातल्या व्याख्येने तन्यता म्हणजे ‘तार निघणं’, तर हो, ती एकट्या लांबण्याची गोष्ट नाही. पण सळईच्या मानकात तन्यता मोजतात ती टक्केवारीत, तुटेपर्यंतच्या लांबण्याने. तिथे ओढीचा आकडा वेगळ्या रकान्यात असतो. माझा वाद त्या रकान्यापुरता आहे.

मास्तरीणबाई

म्हणजे शाळेतला तन्य वेगळा आणि साइटवरचा वेगळा. आता तीन अर्थ झाले. अभिनंदन.

श्टुटगार्टवाला

इथे जर्मनीत टेन्साइल स्ट्रेंग्थला ‘त्सूगफेस्टिगकाइट’ म्हणतात. त्सूग म्हणजे ओढ, पुढचा शब्द दृढतेचा. पूर्ण घरचा शब्द, रोज वापरात. डक्टाइलला मात्र ते सरळ ‘डुक्टील’ म्हणतात, लॅटिनमधून उचललेला, कुणाला लाज वाटत नाही. मराठीत ‘ताण’ आपला आहे, सगळ्यांना कळतो. टेन्साइलसाठी ताणसामर्थ्य घरचा ठेवा, डक्टाइल उसना घ्या आणि तन्यला शाळेत राहू द्या.

तेरणाकाठ

मी किल्लारीच्या बाजूचा. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे भूकंप झाला तेव्हा मी सहा वर्षांचा होतो. आमच्याकडची घरं दगडमातीची, हात-दोन हात जाडीच्या भिंती, वर मातीचं जड माळवद. ती भिंत वाकत नाही. ती बसते, माळवद घेऊन खाली बसते. नंतर पुनर्वसनाच्या घरांचं काम चाललं होतं तेव्हा एक इंजिनिअर वडिलांना उभ्या सळयांभोवती बांधायच्या रिंगा दाखवत होते. रिंगेची टोकं नुसती काटकोनात न ठेवता १३५ अंशांत आत, काँक्रीटच्या गाभ्यात वळवायची, म्हणजे हादऱ्यात रिंग उघडत नाही. वडिलांनी विचारलं, यानं घर मजबूत होतं का? ते म्हणाले, मजबूत नाही हो, मोडताना दमानं मोडतं.

तो इंजिनिअर ‘डक्टाइल’ म्हणाला असता तर वडिलांना कळलं नसतं. ‘तन्य’ म्हणाला असता तरी नसतं. ‘दमानं मोडतं’ तेवढं लक्षात राहिलंय. तुमच्या दोन शब्दांपैकी कुठलाही जिंकला तरी मला सोयरसुतक नाही.

शुद्धमती

‘दमानं मोडणारं’. याचं विशेषण कोशात नाही, आणि माझ्याकडेही नाही.

कोपरखळी

ठेवा की. ‘दममोडी सळई’. 🙂

ओळंबा

तेरणाकाठ, आमच्या कामाची इतकी नेमकी व्याख्या मला कॉलेजातही मिळाली नव्हती.

काल कमिटीची बैठक झाली. मी हट्ट सोडला नाही, पण ओळ बदलली. पुरवणी करारात आता असं आहे: ‘सळई तन्य असावी, म्हणजे चाचणीत तुटेपर्यंत तिची लांबी किमान १६ टक्के वाढली पाहिजे.’ विशेषणही राहिलं आणि भांडायला जागाही उरली नाही.

टेंडरबाबू

१६ टक्के कशाच्या?

ओळंबा

म्हणजे?

टेंडरबाबू

किती लांबीवर मोजायचे? तुटते त्या जागी सळईला कंबर पडते, सगळ्यात जास्त लांबणं तिथेच होतं. खुणा जवळ ठोकल्या तर टक्केवारी फुगते, लांब ठोकल्या तर घसरते. तुम्ही स्वतःच वर १६ च्या सळईला ८० मिलिमीटर लिहिलंय, करारात कुठे आहे?

ओळंबा

व्यासाच्या पाचपट. घालतो.

कोपरखळी

आणि ट्रक?

ओळंबा

ट्रक रिकामा होऊन गेला. माल गेटपाशी ताडपत्रीखाली आहे. लॅबचा रिपोर्ट शुक्रवारी.