सरकारने दिलेल्या जमिनीची विक्री : शर्तभंगाचा दंड शेवटच्या खरेदीदाराने का भरायचा?

विक्रोळीकर (धागाकर्ता)

मुंबईत फ्लॅट घेताना माणूस कार्पेट एरिया बघतो, स्टेशन किती लांब ते बघतो, कर्जाचा हप्ता बघतो. इमारतीखालची जमीन कलेक्टरची आहे का, हे फार थोडे विचारतात. मग सोसायटी पुनर्विकासाला निघते, मालमत्ता पत्रक काढलं जातं, त्यावर 'भोगवटादार वर्ग 2', म्हणजे शासनाने अटींवर दिलेली, परवानगीशिवाय विकता न येणारी जमीन, असं दिसतं आणि 'शर्तभंग' हा शब्द पहिल्यांदा कानावर पडतो. दोन मालकांपूर्वी कोणीतरी जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी न घेता विकलं, आणि नोटीस येते आज राहणाऱ्याला.

माझं म्हणणं स्पष्ट आहे. अट ज्याने मोडली त्याच्याकडून वसूल करा. नोंदणीच्या वेळी शासनाने मुद्रांक शुल्क घेतलं, तेव्हा कोणी हटकलं नाही. वर्षानुवर्षं गप्प राहून नंतर तोच व्यवहार बेकायदा ठरवायचा, हा अन्याय आहे. कफ परेडच्या एका इमारतीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2022 साली शासनाची हस्तांतर शुल्काची मागणी फेटाळली. तोच न्याय सगळ्यांना लावा.

सातबारा

असहमत. तो निकाल तुम्ही म्हणता तेवढा व्यापक नाही. तिथे जमीन सोसायटीला सवलतीत दिलेली नव्हती. बिल्डरने निविदा भरून भाडेपट्ट्याने घेतली, इमारत बांधली, फ्लॅट विकले, सोसायटी नंतर झाली. म्हणून सोसायट्यांना जमीन देण्याबाबतचे 1983 आणि 1999 चे शासन निर्णय तिथे लागू होत नाहीत, असं न्यायालय म्हणालं. ज्या सोसायटीला बाजारभावापेक्षा कितीतरी कमी दरात प्लॉट मिळाला, तिला हा निकाल कसा लावणार? तो दर परवडला तो सरकारी तिजोरीमुळे. विकताना होणाऱ्या फायद्यात, म्हणजे अनर्जित उत्पन्नात, जनतेचा वाटा असलाच पाहिजे.

आणि दस्त नोंदवला म्हणजे मालकी शाबीत झाली, असं 1908 चा नोंदणी कायदा कुठेच म्हणत नाही. मालकी हक्कातला दोष खरेदीदाराला सांगण्याची जबाबदारी मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम 55 ने विकणाऱ्यावर टाकली आहे. भांडण त्याच्याशी करा.

चेंबूरची मावशी

विकणारा हयात तर हवा! माझ्या बहिणीने सेकंडहँड फ्लॅट घेतला, आधीचे मालक वारले, मुलं परदेशात. ती कोणाशी भांडणार? परवानगीचा अर्ज दिला की दर खेपेला नवीन कागद मागतात. शुल्क भरायची तिची तयारी आहे हो, पण आकडा एकदाच सांगा आणि लेखी द्या.

भंडाऱ्याहून मुंबईत

मावशी, तुमच्या बहिणीबद्दल वाईट वाटतं. पण हा प्रश्न फक्त फ्लॅटवाल्यांचा नाही. 'शेवटचा खरेदीदार निष्पाप' हे तत्त्व मान्य केलं की त्याचा पहिला फायदा जमीन दलालांना होतो.

महार वतनाच्या, म्हणजे गावकामाच्या मोबदल्यात मिळालेल्या जमिनी वतनं रद्द करणाऱ्या 1958 च्या कायद्याने त्याच कुटुंबांना पुन्हा प्रदान झाल्या, त्या नवीन अविभाज्य शर्तीवर. परवानगीशिवाय विकायच्या नाहीत, ही अट त्या कुटुंबाला सावकारापासून वाचवण्यासाठी होती. प्रत्यक्षात काय झालं? आजारपण आलं, लग्न आलं, शंभराच्या स्टॅम्पवर साठेखत (पुढे विकण्याचा करार) आणि कुलमुखत्यारपत्र झालं, ताबा गेला. घेणाऱ्याला सगळं ठाऊक असतं. शर्तीची म्हणूनच तर तो भाव पाडून घेतो! पुढे वर्ग 1, म्हणजे विक्रीचं बंधन नसलेली, करून घेतली की तीच जमीन बाजारभावाने विकतो. मधला सगळा फायदा त्याचा, मूळ घरातली माणसं त्याच शेतावर मजुरीला.

आदिवासींच्या जमिनी शासनाने दिलेल्या नव्हत्या, पण तत्त्व तेच. 1957 ते 1974 मध्ये हातून गेलेल्या जमिनी परत करण्यासाठी 1974 चा कायदा झाला आणि 1984 साली सर्वोच्च न्यायालयाने तो वैध ठरवला. मोबदला देऊन घेतली होती, एवढ्यावर खरेदीदाराची सुटका झाली नाही.

विक्रोळीकर

वतनाच्या जमिनीबद्दल तुमच्याशी माझं भांडणच नाही. तिथे घेणारा बलवान आणि देणारा दुबळा. माझा मुद्दा आहे तो शासन स्वतः वसुलीला उभं राहतं तिथला, आणि विशेषतः मुदतीचा. कर्नाटकात अनुसूचित जाती-जमातींना दिलेल्या जमिनींसाठी 1978 चा कायदा आहे. त्याखाली खूप उशिरा आलेला अर्ज सर्वोच्च न्यायालयाने 2017 साली नाकारला : हक्क मागायचा तर वाजवी मुदतीत मागा. मुदत गरिबाला लागते, मग शासनाला का नको?

भंडाऱ्याहून मुंबईत

त्याच कर्नाटकाने 2023 मध्ये दुरुस्ती करून मुदतीची आडकाठी काढून टाकली, हेही सांगा. भूमिहीनाला कायदा कळायलाच एक पिढी जाते. उलट आंध्रचं बघा. 1977 च्या कायद्याने भूमिहीनांना दिलेल्या जमिनीची विक्री बंद होती, 2023 मध्ये वीस वर्षांनंतर विकायची मुभा दिली. माझी भीती अशी की अशा ठिकाणी दलाल एकोणिसाव्या वर्षीच साठेखत करून ठेवतील. मुदत हवी तर शासनाच्या शुल्कवसुलीला घाला, मूळ जमीनधारकाच्या दाव्याला नको.

सातबारा

शुल्कवसुलीलाही सरसकट मुदत नको. परवानगी न घेता गुपचूप विकणाऱ्यालाच ती सोयीची ठरेल, काही वर्षं दडवलं की सुटला. मुदत असलीच तर शासनाला व्यवहार कळल्यापासून मोजावी. तसंही 2019 च्या नियमांनी अधिमूल्य (शासनाला द्यायची रक्कम, प्रीमियम) भरून वर्ग 2 चं वर्ग 1 करायची वाट दिली आहे. सोसायटीने ठराव करून ती धरावी.

विक्रोळीकर

'कळल्यापासून' म्हणजे कधीपासून? मुद्रांक शुल्क घेतलं तो दिवस, की फाईल उघडली तो दिवस? दस्त शासनाच्याच कार्यालयात नोंदला गेला, म्हणजे शासनाला कळलं, असंच मी धरणार. आणि अधिमूल्याची वर्गणी सभासदांमध्ये काढायची, तर परवानगी घेऊन रीतसर फ्लॅट घेतलेला आणि न घेता घेतलेला, दोघांनी सारखीच भरायची का? आमच्या सभेत गाडी इथेच अडली आहे.