मदत हवी आहे: मुलगा राग, भीती, लाज सगळ्याला "पोट दुखतंय" म्हणतो

नाशिकची_आई:
नमस्कार मंडळी, धागा चुकीच्या विभागात असेल तर हलवा प्लीज.

मुलगा साडेचार वर्षांचा, ज्युनिअर केजीत आहे. बोलायला पक्का, म्हणजे जेसीबी आणि पोकलेनमधला फरक रस्त्यावरच्या अनोळखी काकांना थांबवून सांगेल इतका, पण स्वतःला काही वाटत असेल तर एकच उत्तर, "पोट दुखतंय". शाळेत जायचं नाही, पोट. मावसबहीण त्याचा ट्रॅक्टर घेऊन बसली, पोट. बाबा टूरवर निघाले की नुसती बॅग बघून पोट. डॉक्टरांना दाखवून झालंय, त्यांनी पोट तपासलं, शी-शू, भूक, वजन सगळं विचारलं, लघवीची टेस्ट केली, काही निघालं नाही. सासूबाई हिंग कालवून बेंबीला लावतात, ते मी चालू ठेवलंय कारण त्या निमित्ताने तो त्यांच्या मांडीवर शांत बसतो 😄

मला त्याच्या अंगावरून कळतं हो. राग आला की मुठी आवळतो आणि कान लाल, घाबरला की माझ्या ओढणीचं टोक तोंडात, लाजला की एका पायाने दुसरा पाय घासत उभा. पण मला कळून काय उपयोग, वर्गात एवढी पोरं, बाईंना कसं कळणार? मध्ये कोणीतरी ढकललं तर हा कोपऱ्यात जाऊन गप्प बसला, बाईंना वाटलं झोप आलीये.

चेहऱ्यांची कार्डं मागवली ऑनलाइन. आनंदी, दुःखी, रागावलेला, घाबरलेला, सगळी लगेच पाठ. पण रडत असताना विचारलं की आत्ता तुझं कार्ड कुठलं, तर म्हणतो कार्ड नको, पोट दुखतंय.

तर कार्डावरचं त्याच्या स्वतःपर्यंत आणायचं कसं, आणि दर वेळी पोटदुखी खरी मानायची का? त्यात आजोबांचं "मुलगा असून रडतोस?" चालू असतं, त्यांचं काय करायचं तेही सांगा. "मोठा झाला की होईल" सांगणारे घरात भरपूर आहेत, त्यामुळे प्लीज ते सोडून.

बालवाडीताई:
ताई, कार्डं ठेवा बाजूला थोडे दिवस. कार्डावरचा चेहरा एकाच भावनेचा आणि ठळक काढलेला असतो, खरं मूल एकाच वेळी चिडलेलंही असतं आणि घाबरलेलंही. आणि रडण्याच्या भरात "काय झालं, का रडतोस" विचारू नका, या वयात "का" चं उत्तर देणं अवघड असतं. त्यापेक्षा आपणच दोन अंदाज पुढे करायचे, "ट्रॅक्टर घेतला म्हणून राग आला, की परत मिळणार नाही असं वाटतंय?" अंदाज चुकला तर पोरं बरोबर दुरुस्त करतात, तेच तर हवंय आपल्याला.

त्याने पोट दिलंय ना, मग पोटापासूनच सुरुवात करा. पोटात गोळा आलाय, खड्डा पडलाय, की नुसतं ढवळतंय? मग हात कसे झालेत, कान गरम आहेत का, बघू बरं. एखाद्या निवांत दुपारी वर्तमानपत्रं चिकटवून त्यावर त्याला झोपवा, खडूने बाहेरून रेघ मारा आणि राग कुठे असतो, भीती कुठे असते ते त्यालाच रंगवू दे. आमच्या वर्गात एकाने राग गुडघ्यात रंगवला होता, असू दे, त्याचा गुडघ्यात असेल. टीव्हीचा आवाज बंद करून कार्टूनमधलं कोण चिडलंय, कोण घाबरलंय हे ओळखायचा खेळही मस्त चालतो.

गोळीऔषध:
पोटदुखी खोटी नसते. भीतीने आतड्यांची हालचाल खरंच बदलते, त्यामुळे "नाटक करू नकोस" अजिबात म्हणू नका. दुखणं बेंबीभोवती असेल आणि खेळायला लागल्यावर विसरत असेल तर सहसा काळजीचं नसतं. पण झोपेतून उठवणारं दुखणं, बेंबीपासून लांब एका बाजूला दुखणं, सोबत ताप, उलट्या, वजन घटणं, शीतून रक्त, यातलं काहीही असेल तर परत डॉक्टर, थांबायचं नाही. बद्धकोष्ठताही नीट विचारून घ्या, पुष्कळदा तीच असते.

इतर वाचणाऱ्यांसाठी: मूल हाक मारल्यावर बघतच नसेल, वयाच्या मानाने बोलणं फार मागे असेल, तर हे खेळ करत बसू नका, आधी तपासणी. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात १८ वर्षांपर्यंतच्या मुलांची तपासणी मोफत आहे, अंगणवाडीत किंवा सरकारी दवाखान्यात विचारा.

चहाबाज:
बालवाडीताईंना +१. भावनेला नाव दिलं की ती थोडी निवते हे मेंदूच्या स्कॅनमध्येही दिसलंय, २००७ चा अभ्यास आहे, कॅलिफोर्नियातला. चिडलेले, घाबरलेले चेहरे बघताना भावनेचं नाव निवडायला लावलं तेव्हा अमिग्डालाची (मेंदूतला भीती-धोका टिपणारा भाग) धावपळ कमी दिसली. मोठ्या माणसांवरचा आहे तो, पण आमच्याकडे मी स्वतःपासून सुरुवात केली, "आज बाबा वैतागलाय, बघ माझे दात कसे आवळलेत". पोरगी आता येऊन माझा जबडा तपासते 😅

आजोबांना रडण्यावर लेक्चर देऊ नका, वाद होईल. त्यांना लहानपणी कशाची भीती वाटायची ते नातवाला सांगायला लावा. आमच्या वडिलांनी, त्यांना विहिरीत पहिल्यांदा ढकललं होतं तेव्हाची गोष्ट सांगितली, पाय कसे लटपटत होते ते उभं राहून करून दाखवलं. त्यानंतर त्यांचं "रडू नकोस" बरंच कमी झालंय, बंद नाही.

नाशिकची_आई:
थँक्यू सगळ्यांना! गोळा-खड्डा आजपासूनच. बद्धकोष्ठता नाहीये, ते विचारलं होतं डॉक्टरांनी. आता एकच, मुठी-कान-ओढणीचं बाईंना चिठ्ठीत लिहून देऊ का? शाळेत ओढणी नसते म्हणा, तिथे काय चावतो देव जाणे. भीती एवढीच की उगाच "प्रॉब्लेम असलेला मुलगा" असा शिक्का बसायला नको.

बालवाडीताई:
चिठ्ठी नको, शाळा सुटल्यावर दोन मिनिटं भेटा. "असं दिसलं की तो घाबरलेला असतो, जवळ बोलावून पाठीवर हात ठेवला तरी पुरतं" इतकंच सांगा. आणि शाळेत तो काय चावतो ते बाईंनाच विचारा, बहुतेक कॉलर असेल किंवा बाटलीचा पट्टा.