'हेल्लारो' घरी बघताना चित्र फुटतंय, प्रिंटच खराब आहे का?

अनुराधा_के
काल लॅपटॉपवर 'हेल्लारो' हा गुजराती सिनेमा लावला. बोलण्याचे प्रसंग ठीक दिसत होते, पण बायका कच्छच्या रणात गरबा धरतात तिथे उडणारी धूळ, घागऱ्यांचे घेर, सगळ्याचे चौकोन व्हायला लागले. रात्रीच्या आभाळात पट्टे. शेवटी बंद केला. नेट चांगलं आहे, बाकीचे सिनेमे नीट चालतात. हा आईला दाखवायचाय. तिला गुजराती येत नाही आणि इंग्रजी सबटायटल्स वाचताना ती मागे पडते. तिला भिडेल का?

निशाचर
प्रिंटवर खापर फोडायच्या आधी लॅपटॉप बाजूला ठेवा. कॉपी होऊ नये म्हणून बऱ्याच सेवा ब्राउझरला पूर्ण एचडी देतच नाहीत. टीव्हीच्या ॲपवर लावून बघा.
गरब्यातच का फुटतं, तर व्हिडिओची फाइल लहान करताना (कॉम्प्रेशनमध्ये) आधीच्या फ्रेममधलं जे तसंच राहिलंय किंवा नुसतं सरकलंय ते पुन्हा वापरतात. इथे सगळ्या जणी गिरक्या घेतायत, वर धुळीचा कण न् कण हलतोय. पुन्हा वापरण्यासारखं काही उरतच नाही आणि बिटरेट, म्हणजे दर सेकंदाला मिळणारा डेटा, अपुरा पडतो. मग वर १०८० लिहिलेलं असो नाहीतर आणखी काही.

बडोदेकरीण
अनुराधाताई, मी हा २०१९च्या नोव्हेंबरमध्ये इथे थिएटरात बघितला आणि नंतर घरी सासूबाईंबरोबर टीव्हीवर. मूळ चित्रीकरणात खोट नाही, हे छातीठोकपणे सांगते. जमीन फिकी, आभाळ फिकं आणि मधोमध गडद कपड्यांतल्या बायकांची रांग, डोक्यावर पाण्याच्या घागरी. लांबून घेतलेल्या त्या दृश्यांत माणसं मुंगीएवढी दिसतात आणि तेच तर दिसायला हवं. छोट्या पडद्यावर ते हरवतं, म्हणून फोनवर तर मुळीच बघू नका.

आईंना भिडेल का? माझ्या सासूबाईंना विचाराल तर त्या अर्धा तास बोलतील. गरबा म्हटलं की हल्ली मैदान, पास आणि स्पीकरच्या भिंती आठवतात. इथे कच्छमधलं १९७५चं गाव आहे, तीन वर्षं पाऊस नाही. देवीने पाऊस पाडावा म्हणून गरबा खेळतात ते पुरुष, बायकांना बंदी. पाण्याला लांबवर जाणाऱ्या बायकांना वाटेत तहानेने पडलेला एक ढोली, म्हणजे ढोल वाजवणारा, सापडतो. त्याला पाणी पाजायचं की नाही यावर त्यांच्यात जी चलबिचल होते, तिथेच सासूबाई सरसावून बसल्या. आपल्या भोंडल्यात सासरचं गाऱ्हाणं गाण्यातून बाहेर पडतंच की! इथे ते पायांतून बाहेर येतं.

बोली गावाकडची आहे. इथे जन्म गेलेल्या मलाही सुरुवातीला कान लावून ऐकावं लागलं. तेव्हा आईंना आधी गोष्ट थोडक्यात सांगा आणि गाण्यांच्या वेळी मध्ये बोलू नका. सौम्य जोशींचे शब्द आणि मेहुल सुरतींचं संगीत अर्थ न कळताही पोचतं. सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळवणारा हा पहिला गुजराती सिनेमा. पण मला जास्त आनंद झाला तो त्यातल्या तेराही अभिनेत्रींना मिळून विशेष ज्युरी पुरस्कार दिला याचा. एकटीला वेगळं काढणं अन्यायाचं झालं असतं.

आवाजाचंही बघा. टीव्हीच्या स्पीकरवर ढोल डबा वाजवल्यासारखा येतो. साधा साउंडबार असेल तरी जोडा.

अनुराधा_के
टीव्हीवर लावला, धूळ धुळीसारखी दिसतेय! पण माणसं मालिकेतल्यासारखी गुळगुळीत हलतायत, ते कशाने?

निशाचर
टीव्ही मधल्या फ्रेम स्वतः तयार करून घालतोय. पिक्चर सेटिंगमध्ये 'मोशन' नावाचं जे काही असेल ते बंद करा आणि मोड 'सिनेमा' ठेवा. रात्रीचे प्रसंग बघताना खोलीतला दिवाही मालवा. पट्टे थोडे राहतील, ते फाइलमध्येच आहेत.