बारा लाखांवर अठरा टक्के

सेक्रेटरी (सी-१०१): नमस्कार मंडळी. प्लास्टर आणि वॉटरप्रूफिंगच्या कंत्राटदाराचा आपल्या सोसायटीविरुद्धचा लवादापुढचा दावा आज हातात आला. मूळ मागणी १२ लाख, त्यावर १८ टक्क्यांनी तीन वर्षांचं व्याज ६ लाख ४८ हजार. रविवारी सकाळी मीटिंग ठेवतोय.

ए-३०३: पहिल्याच पावसात जिन्यात पाणी, आणि वर व्याज! लवाद म्हणेल तेवढं द्यायचंच का?

बी-४०२: नाही ताई. लवादाला व्याज देता येतं, पण आपण सही केलेल्या कागदाच्या आत राहून. १९९६ च्या लवाद कायद्यात कलम ३१(७)(अ) ची सुरुवातच 'पक्षकारांत वेगळं ठरलं नसेल तर' अशी आहे. निवाड्यापर्यंतचं, म्हणजे लवादाच्या निकालापर्यंतचं व्याज करारानेच बंद केलं असेल, तर लवादाचे हात बांधलेले. पाटबंधारे खात्यात असताना अशा कितीतरी सुनावण्यांना बसलोय, सगळी भांडणं त्या एका ओळीवर व्हायची.

सी-२०४: मग आपल्या करारात 'व्याज नाही' असं आहे की काका! कलम १९. विषय संपला.

बी-४०२: करार समोर ठेवूनच लिहितोय. कलम १९ म्हणतं, 'अनामत व रिटेन्शनच्या रकमेवर व्याज मिळणार नाही.' रिटेन्शन म्हणजे कामाच्या हमीसाठी बिलातून मागे ठेवलेले पैसे. बस. बिलांचा त्यात शब्द नाही. भेल या सरकारी कंपनीच्या कंत्राटात 'कंत्राटदाराला देय असलेली कोणतीही रक्कम' अशा अर्थाचे शब्द होते, म्हणून २०२१ मध्ये गर्ग बिल्डर्सच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाने लवाद चालू असतानाचंही व्याज नाकारलं. रेल्वेच्या कंत्राटातलं कलमही तसंच ऐसपैस, २०१५ चा ब्राइट पॉवरचा निकाल त्यावरचाच. आपल्या १२ लाखांत साडेचार रिटेन्शन, साडेसात अंतिम बिल. रिटेन्शनवर व्याज बसत नाही हे ठामपणे मांडू. बिलावर मात्र लवाद त्याला वाजवी वाटेल तो दर लावू शकतो.

डी-५०१: पण हा १८ चा आकडा आला कुठून?

बी-४०२: जुन्या तरतुदीतून. निवाड्यात काही वेगळं म्हटलं नसेल, तर निवाड्यानंतरच्या काळाला १८ टक्के, असं २०१५ पर्यंत होतं. त्या वर्षीच्या दुरुस्तीने ते प्रचलित दरापेक्षा २ टक्के जास्त असं झालं. निवाड्याआधीच्या काळाला कायद्याने १८ कधीच ठरवून दिलेले नव्हते, आणि आपल्या करारातही नाहीत. तिथे आपण भांडायचं.

आणि एक गोष्ट सगळ्यांनी नीट वाचा. निवाड्यानंतरचं व्याज करारातल्या कलमाने अडत नाही, हे २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टाने स्पष्ट केलंय. त्यात २०१४ चा हायडर कन्सल्टिंगचा सुप्रीम कोर्टाचा निकाल असा, की निवाड्यात धरलेलं आधीचं व्याज मुद्दलात मिसळतं आणि पुढचं व्याज त्या सगळ्या रकमेवर चढू शकतं. निवाडा विरोधात गेला आणि आपण 'कोर्टात बघू' म्हणत बसलो, तर मीटर चालूच राहणार.

ए-३०३: आणि त्याने काम वाईट केलंय त्याचं काय?

बी-४०२: त्याचा आपण उलट दावा लावायचा, फोटो आणि सल्लागाराच्या पत्रांसकट. जिन्याची गळती मी स्वतः मोजून दाखवीन. पण एक बोलतोच. साडेसातपैकी सव्वातीन लाखांचं काम आपल्याच सल्लागाराने मोजून मेजरमेंट बुकात, म्हणजे कामाच्या मोजमापाच्या वहीत, सही केलेलं आहे. ते मागच्या डक्टमधले नवे पाइप, त्यात थेंबभर गळती नाही. ते पैसे आपण तीन वर्षं का अडवले? परांचीवर लोंबकळून काम करणाऱ्या पोरांची मजुरी त्यातच होती. मला हे तेव्हाही पटलं नव्हतं, सभेत बोललो होतो. १२ टक्के धरले तरी एवढ्यावर वर्षाला ३९ हजार होतात. हक्क राखून देत असल्याचं पत्र जोडा आणि आधी एवढे देऊन टाका.

सी-२०४: काका, मी तेव्हा विरोधात हात वर केला होता. आता पाठिंबा आहे.

सेक्रेटरी (सी-१०१): चेकसाठी कमिटीचा ठराव लागेल, उद्याच घेतो. रविवारी काय काय काढून ठेवू?

बी-४०२: मूळ करार, मेजरमेंट बुक आणि आवक रजिस्टर. कंत्राटदार व्याज जून महिन्यापासून मोजतोय, पण अंतिम बिल आपल्याकडे दिवाळीनंतर आलं असं मला आठवतंय. रजिस्टरवरचा शिक्का बघितल्याशिवाय उत्तर लिहायला घेऊ नका.