मूकपटातला सामुराई खरंच निष्ठावान होता का?

भटका:
सामुराई म्हटलं की लोक लगेच मान, निष्ठा, धन्यासाठी पोट फाडून घेणं वगैरे सुरू करतात. १९२५ चा जपानी मूकपट 'ओरोची' बघा राव, फुतागावाचं दिग्दर्शन, त्सुमासाबुरो बांदो हिरो. हेइझाबुरो नावाचा खालच्या दर्जाचा सामुराई, गुरूच्या मुलीवर जीव जडलेला, आणि आगळीक करतो बड्या घरातला पोरगा पण हाकलून देतात याला. पुढे जिथे जाईल तिथे चांगलं करायला जातो आणि गुंड ठरतो, शेवटी शेकडो शिपायांशी एकटा लढून पकडला जातो आणि रस्त्यावरची गर्दी त्यालाच शिव्या घालते. ही कर्तव्याची आरती आहे का? हा सरंजामी व्यवस्थेवरचा सरळ सरळ राग आहे.

जुनी रिळं:
मग 'चुशिंगुरा' कुठे ठेवणार? ४७ रोनिनांनी, म्हणजे धनी गमावलेल्या सामुराईंनी, धन्याचा सूड घेतला आणि मग सेप्पुकु केलं, म्हणजे पोट फाडून घेतलं, ही गोष्ट मूकपटात कितीदा आली बघा. दिग्दर्शक शोझो माकिनोने मात्सुनोसुके या नटाला घेऊन केलीच होती, १९२८ ला परत मोठ्या प्रमाणावर केली. पब्लिक यायचं ते निष्ठा बघायलाच. आणि तुमचा हेइझाबुरो तरी शेवटी तलवार कशासाठी उपसतो? त्या मुलीला आणि तिच्या नवऱ्याला गुंडांच्या म्होरक्यापासून वाचवायला, स्वतःला काही मिळणार नाही हे माहीत असून. याला कर्तव्य नाही तर काय म्हणायचं?

भटका:
अहो पण ते धन्यासाठी नाही ना! धनी बिनी कधीच मागे पडलाय. सिनेमाचं आधीचं नाव 'गुंड' अशाच अर्थाचं होतं, सेन्सॉरने बदलायला लावलं, काटछाट पण केली. नुसती निष्ठेची गोष्ट असती तर सरकारला एवढं झोंबलं असतं का?

खवचट:
दोघंही पडद्याकडे बघून भांडताय, पडद्याशेजारी बसून गोष्ट सांगणाऱ्या निवेदकाला, बेन्शीला विसरलात. सगळ्या पात्रांचे आवाज तोच काढणार, कुठे रडायचं तोच ठरवणार. त्याने मनात आणलं तर तोच हेइझाबुरो हुतात्मा, नाहीतर नुसता तापट पोरगा. आज शुनसुई मात्सुदा या नंतरच्या बेन्शीच्या आवाजातली प्रत बघून आपण मतं ठोकतोय, १९२५ च्या थेटरात काय ऐकू आलं कोणाला ठाऊक.

जुनी रिळं:
बेन्शी रडवेल हो, पण ४७ जणांना सूड न घेताच घरी पाठवेल का? आणि भटके, एक पिक्चर म्हणजे अख्खा काळ नव्हे.

भटका:
बरं, मग दिग्दर्शक इतोचा १९२७ चा 'चुजी' घ्या. सामुराई नाही, जुगारी आहे, पण फसवतात त्याला त्याचीच माणसं. निष्ठा तिथेही कुठे टिकते ते दाखवा.